कराड-विटा रस्त्यानं दगडूच्या घरी

आक्काआजी म्हणजे माझ्या आजोबांची धाकटी बहीण. वय त्र्याण्णव. बेचाळीसच्या चळवळीत ती भाकरीच्या फडक्यातून भूमिगतांना चिठ्ठ्या पोचवायची. दर स्वातंत्र्यदिनाला गावच्या शाळेत तिचं भाषण असतं आणि दरवर्षी मी काहीतरी सबब काढून टाळते. यंदा तिनंच फोन केला. "भाषान झाल्यावर मला एका घरी जायाचं हाय. संगं कुनीतरी पायजे." आता हिला नाही कोण म्हणणार?

पहाटे पुणं सोडलं. कराडला मिसळ खाल्ली, ऐंशी रुपये. तर्री बेतानंच मागा, नाहीतर पुढचा प्रवास अवघड जाईल. तिथून विट्याचा रस्ता छान आहे. आधी ऊसच ऊस, मग हळूहळू माळ लागतो. मधल्या गावांत गलाईवाल्यांचे टोलेजंग बंगले दिसतात. सोनं गाळायच्या धंद्यात माणसं देशभर पांगलेली, म्हणून बहुतेक दारांना कुलूप.

झेंडावंदन उरकलं. आजी खुर्चीत बसूनच बोलली. चिठ्ठ्यांची नेहमीची गोष्ट तिनं काढलीच नाही.

"गावात दगडू हुता. त्यो चौकीतनं भाईर येताना मी बघितला आन आपल्या मान्सांना सांगितलं, ह्यो फितूर हाय."

फितुराची शिक्षा तेव्हा ठरलेली होती, तळपायांवर काठ्या. दगडू पुन्हा धड चालला नाही. मागाहून कळलं की त्याच्या भावाला पोलिसांनी धरलं होतं आणि हा भाकरी द्यायला गेला होता.

"अकरा वर्साची हुते मी. पन बघितलं तेवडंच सांगायचं हुतं. फितूर म्हनायचं न्हवतं."

मुख्याध्यापकांनी घाईघाईनं टाळ्या वाजवल्या. मला भयंकर राग आला. टाळ्या कसल्या वाजवता?

तिथून चालतच दगडूच्या घरी गेलो. तो जाऊन तीस वर्षं झाली. त्याची मुलगी सगुणाबाई, सत्तरीची, मटकी निवडत बसली होती. आजीनं उंबऱ्याशी हात जोडले आणि सगळं पुन्हा सांगितलं.

"ठावं हाय, आक्का. बानं सांगितलं हुतं."

"मग कवा बोलली न्हाईस?"

"बा म्हनायचा, ती यील, तिचं तिला सांगू दे. तुमी वाटंनं चालला की उठायचा. पाय टेकवत न्हवतं, तरी दारापातूर यायचा."

सगुणाबाईंनी चहा केला. आजीनं तो निम्मा तसाच ठेवला. मला मात्र रडू आवरेना.

कुणी त्या बाजूला जाणार असाल तर पुण्याहून साडेचार तास धरा. आजीच्या दारापासून दगडूचं दार चालत चार मिनिटांवर आहे.

परत आल्यापासून मी तिला रोज फोन करते. जेवलीस का विचारलं की हो म्हणते, आणि मग तेच सांगते. "त्यो दारापातूर यायचा, बाय. मी खाली मान घालून जायाची."