हलत नसलेला दात

खरं बोलणाऱ्या माणसाबरोबर एका घरात राहण्यापेक्षा चोराबरोबर राहिलेलं परवडतं. चोर निदान चोरी झाली की निघून जातो. माझी थोरली नणंद नवरा गेल्यावर आमच्याकडं आली ती कायमची, आणि कुणाचं मन राखायला म्हणून ती कधी एक शब्द खोटा बोलली नाही. माझ्या लेकीला बघायला पाहुणे आले, तर पोह्याच्या बशा पुढं करत म्हणाली, "पोरगी गुणाची हाय, पन तोंडावर पानी मारल्याबिगार उठत न्हाई." लग्न जमलं ते पाहुण्यांच्या चांगुलपणानं.

दुसरं म्हणजे तिला दातांचा भारी गर्व. साठीला आलेली बाई, पण एक दात हलला नव्हता. ऊस दातानं सोलायची, सुपारी दातानं फोडायची. घरात अडकित्ता होता तो फक्त पाहुण्यांसाठी. दोरीची गाठ माझ्या नवऱ्याला सुटली नाही की तो बहिणीला हाक मारायचा. असल्या दातांतला पुढचा एक बहात्तरच्या दुष्काळात विहिरीवर गेला. पाण्याच्या पाळीवरून शेजारच्या पारूशी तिची ओढाओढ झाली आणि पारूनं हंडा फिरवला. माझ्या नवऱ्यानं बहिणीला तशीच पोलीस ठाण्यात नेली. तिचं तोंड सुजलेलं, त्यामुळं बोलला सगळं तोच. दात पाडणं हा हाड मोडण्याएवढा गुन्हा, हे आम्हाला तिथं कळलं. पारूवर खटला झाला.

इकडं दोघी दुष्काळी कामावर शेजारी शेजारी बसून खडी फोडत होत्या. नणंदेला चावता येईना, आणि ती रेशनवरच्या परदेशी मिलो ज्वारीची लाल भाकरी चांगल्या दातांनाही दाद देत नसे. एका दुपारी पारूनं आपली भाकरी हुलग्याच्या पातळ माडग्यात बारीक कुस्करली आणि भगुलं हिच्यापुढं सरकवलं. हिनं सगळं खाल्लं. मग म्हणाली, "मीठ कमी हाय." दुसऱ्या दिवशी मीठ बरोबर पडलं. झालं, मिटलं भांडण.

भांडण मिटलं तरी खटला मिटेना, कारण तो आता सरकारचा झाला होता. तारखेला आम्ही तिघी एकाच एस्टीनं नगरला गेलो. पारूचं पोर अंगावर पिणारं. ती तुरुंगात गेली तर त्याचं काय, या घोरानं ती वाटभर त्याला छातीशी धरून बसली. कोर्टाच्या आवारात तिचे वकील नणंदेला म्हणाले, "आजी, आपसात मिटलंय म्हणून साहेबांची परवानगी मागता येईल, पण ते देतील, न देतील. त्यापेक्षा म्हणा, दात आधीच हलत होता, पाय घसरून पडले. सुटली ही."

"हलत हुता? माझा?" सगळं आवार वळून बघायला लागलं. "त्यानं ऊस सोलत हुते मी!"

पारू रडायला लागली. "आक्का, येवढ्या बारीला बोला खोटं. पाया पडते."

"पारे, तुला माफ केलं ते खरं. दात घट हुता त्येबी खरं. एका खऱ्यासाठी दुसरं खोटं कशाला करू?"

तिला बाजूला घेऊन मी जे बोलले ते लिहिण्यासारखं नाही. तिच्यावर काही परिणाम झाला नाही.

साहेबांपुढं तिनं सगळं सांगितलं, न विचारलेलंही. हंडा कसा लागला, दात किती घट्ट होता. मग म्हणाली, "पन आदी मी तिचा भरल्याला हंडा लवंडला साहेब. असल्या दुष्काळात. तिच्या जागी मी असते तर दोन दात पाडले असते. आता आमचं मिटलंय, हिला सोडा." हंडा लवंडल्याचं आम्हा तिघींपैकी त्या दोघींनाच माहीत होतं, आणि पारूचं कुणी ऐकून घेतलं नव्हतं.

साहेबांनी विचारलं, "कुणाच्या दबावाखाली तर बोलत नाही ना?"

"दाब लई हुता." तिनं वळून माझ्याकडं आणि वकिलांकडं बोट केलं. "ही समदी खोटं बोल म्हनत हुती."

वकिलांनी मान खाली घातली. साहेबांना हसू आवरेना. मग त्यांनी परवानगी दिली आणि पारू सुटली. येताना एस्टीत पारूचं पोर नणंदेच्या मांडीवर झोपलं होतं.

पुढं म्हातारपणी बाकीचे दात आपसूक पडले. त्यांचं तिला काही नव्हतं. "त्ये आपले आपन गेले. येक तेवढा पारूनं पाडला," असं येईल त्याला सांगायची. पारू तिच्याआधी तापानं गेली. मग भाकरी कुस्करायचं माझ्याकडं आलं. मी जीव लावून कुस्करायची, आणि ही प्रत्येक वेळी म्हणायची, "मीठ बरुबर हाय. पन पारूवानी बारीक न्हाई." मी भांडं आपटायची.

आता ती नाही. सुना माझ्या हातचं खातात आणि छान झालंय म्हणतात. रोजच म्हणतात. खरंच कसं झालंय ते कळायला मार्ग राहिला नाही.