फिदवीशिवायचा अर्ज

निजामाच्या अमदानीत मी बीडच्या कचेरीबाहेर बसून लोकांचे अर्ज लिहायचो. अर्ज कुणाचाही असो, अर्जदार म्हणजे 'फिदवी', हुजुरांवर जीव ओवाळणारा चाकर. हात आपोआप तो शब्द लिहायचा.

आमच्या गल्लीतले एक म्हातारे मौलवी नीती, धर्म, राज्यकारभार आणि नागरिकाचे हक्क यांवर उर्दूत लिहायचे. त्यांचं अक्षर कुणाला लागत नसे, म्हणून साफ नक्कल मी करायचो. एका प्रकरणात त्यांनी लिहिलं होतं, माणसानं वाकावं ते देवापुढं. सरकारशी ताठ मानेनं बोलावं. मला ते लई आवडलं.

पुढच्याच आठवड्यात वाचनालयाच्या परवानगीसाठी त्यांनी स्वतःच अर्ज लिहून आणला. वरच 'फिदवी'! माझं डोकंच फिरलं.

"मौलवीसाहेब, मग ते प्रकरण काहून लिहिलं?"

ते खजील झाले. माझाच टाक घेऊन त्यांनी तो शब्द खोडला आणि नुसतं आपलं नाव आणि गाव लिहिलं.

कारकुनानं अर्ज दोनदा परत केला. तिसऱ्या दिवशी वैतागून शिक्का मारला.

गायरानाच्या अर्जासाठी आलेला एक धनगर तिन्ही दिवस हे बघत होता. त्याची पाळी आली, मी टाक बुडवला, तसं त्यानं माझं मनगट धरलं.

"मुन्शीजी, मलाबी तसंच लिवा. चाकर म्हणायचंच असंल, तर मेंढरांचा म्हणा."