थंडा बोल आणि नवे दात

मंगळवार, १९ एप्रिल १९८३, निलंगा. टँकर आला नाही. सातला एसटीच्या टपावरून लातूरची बर्फाची लादी आली. भुसा झाडल्यावर पाऊणच उरली. बोअरची गाडी नऊला. सुलतानबी साडेनऊला बसणार. नवे दात घालायची आठवण करणे.

शेवटच्या वाक्याखाली उमाबाईंनी रेघ ओढली. हैदराबादच्या कॉन्व्हेंटात नन्सनी त्यांना दोन सवयी लावल्या होत्या. रोजनिशी लिहायची आणि दुसऱ्याचं भलं करायचं. पहिलीचा आजवर कुणाला त्रास झाला नव्हता.

सुलतानबी दारोदार बांगड्या भरायची. पण गल्लीत कुणी विहीर खोदायची म्हटलं, की टोपली उतरवून ती ‘थंडा बोल’ लावायला बसे. तिच्या आजीने बीदरहून आणलेला हा वसा. बर्फाला हात लावायचा नाही. तोंड वीतभर अंतरावर धरून गायचं. सुराच्या उबेने लादीत वाटी कोरली जाई. वाटीतलं पाणी जागेवर ओतल्याशिवाय पहिली कुदळ पडत नसे, मग विहीर मठाजवळची असो, बुद्धविहाराजवळची की मशिदीमागची.

उमाबाईंनी या कलेवर चार वह्या भरल्या होत्या. किती मिनिटं, किती बोटं खोल, मधे किती वेळा पाणी प्यायली, सगळं. एकदा त्यांनी स्वतःही गाऊन पाहिलं, शाळेत शिकवल्याप्रमाणे हनुवटी वर आणि हात पोटाशी बांधून. बर्फ जागचा हलला नाही, उमाबाई मात्र घामाने निथळल्या.

“बाई, तुमी छताला गाणं म्हणून राहिल्या,” सुलतानबी म्हणाली होती. “बर्फ खाली हाय.”

हेही त्यांनी वहीत लिहिलं होतं, तारखेसह.

लातूर जिल्हा झाला आणि तिथे दातांचा नवा डॉक्टर आला. सुलतानबीचे वरचे चार दात केव्हाचेच गेलेले. उमाबाईंनी तिला चार खेपा घालून कवळी बसवून आणली. सुलतानबी “नको, नको” म्हणत होती. उमाबाईंनी तो संकोच समजला.

आता सगळी गल्ली घागरी घेऊन जमली होती. बोअरवाला बसलिंगप्पा गाडीच्या पायरीवर बसला होता. “बारापर्यंत थांबतो. मग गाडी उदगीरला. नंतर दोन महिने तुमचा नंबर न्हाई.”

सुलतानबीने कवळीसकट बोल लावला. अकरा वाजले तरी वाटी होईना. सगळी लादीच वरून एकसारखी विरघळत होती, पाणी चारी बाजूंनी ओघळून धुळीत जात होतं.

“सुलतानबी,” म्हातारा ग्यानोबा ओरडला, “वाटी करून राहिली का परात?”

“गप रे! तुझ्या लग्नाला बांगड्या म्या भरल्या. तवाबी असाच कावला होतास.”

लोक हसले, पण घागरीवरचा हात कुणी काढला नाही. सुलतानबीचा चेहरा उतरला. सत्तावीस विहिरींना तिने बोल लावला होता. एकही वाटी फुकट गेली नव्हती.

उमाबाई पुढे झाल्या. “मी लिहून ठेवलंय, सुलतानबी. गेल्या खेपेला तुम्ही आवाज जरा खालचा…”

“बाई, हात पुढं करा.”

उमाबाईंनी केला. सुलतानबीने सगळ्यांदेखत कवळी काढली आणि त्यांच्या तळहातावर ठेवली. “लई शहाणे हायत तुमचे दात. हवेला दारातच अडवून इकडंतिकडं पांगवून राहिलेत. माझा बोल या फटीतून जातो.”

चार वह्या! त्यांत पाण्याचे घोट मोजलेले, आणि फटीबद्दल एक ओळ नाही. उमाबाईंना धरणीने पोटात घेतलं तर बरं वाटलं असतं, पण धरणी कोरडीठाक होती.

फटीतून सूर बारीक धारेसारखा निघाला. उरलेल्या बर्फात आधी खळगा पडला, मग त्याला काठ आला. पावणेबाराला वाटी झाली. इवलीशी, मीठ ठेवायची असते तेवढी.

“एवढीशी?” बसलिंगप्पा म्हणाला.

“पाणी आहे ना तीत?” उमाबाई त्याच्यावर खेकसल्या. हातात दुसऱ्याचे दात धरून खेकसणं किती शोभतं, हे त्यांना लगेच कळलं.

वाटी ओतली, गाडी घुरघुरली. चारच्या सुमाराला दोनशे दहा फुटांवर पांढरा चिखल उडाला आणि मागून पाणी. सुलतानबी ओट्यावर बसून रडत होती आणि येईल त्या बाईला, बांगड्या सांभाळ, म्हणून दटावत होती. उमाबाईंनी कवळी पुढे केली.

“असू द्या तुमच्याकडंच,” ती म्हणाली. “कुणाच्या लग्नात घालीन. तिथं नुसतं जेवायचं असतं.”

संध्याकाळी उमाबाईंनी लिहिलं: बोअरचं पाणी तुरटी फिरवून, गाळून घेतलं. पाणी जड, तुरीची डाळ दोन तास शिजेना. शेवटी चिमूटभर सोडा घातला.