राहीबाईचे दोन टक्के

शेवगावच्या दिवाणी कोर्टात राहीबाई आली की बाकावरची दोन-चार माणसं हमखास शिंकायची. बाई न्हाऊन, धुतलेलं लुगडं नेसून आलेली असे. पण वीस वर्षं मिरची कांडणाऱ्या बाईच्या अंगातून तिखट जातं कुठं? शिपाई म्हणायचा, "मावशी, तुमी मागं बसा. सायबांना शिंक आली तर पुढची तारीख पडंल."

तीन वर्षं तारखाच पडत होत्या.

नवरा गेल्यावर राहीबाईनं उखळात लोकांची मिरची कांडून दोन पोरींची लग्नं केली. मग आसारामशेठच्या दुकानातून कांडपाचं यंत्र घेतलं. किंमत एक लाख तीस हजार. पन्नास रोख दिले. उरलेल्या ऐंशीसाठी शेठनं कागद केला. 'उधारीवर दोन टक्के व्याज.' राहीबाईनं सही केली. पण त्याच उन्हाळ्यात पलीकडच्या गल्लीत दुसरं कांडप निघालं, निम्मं गिऱ्हाईक तिकडं वळलं आणि शेठचे पैसे तटले. दहा महिने वाट पाहून त्यानं दावा लावला.

मुद्दलाचा वाद नव्हताच. "यंत्र मी नेलंय, पैसे मी देनार," ती कुणालाही सांगायची. वाद होता व्याजाचा. शेठ म्हणत होता, दोन टक्के महिन्याला. म्हणजे आजवरचं नुसतं व्याजच त्र्याहत्तर हजारांच्या वर. तेवढं भरायचं तर कांडप विकावं लागणार, आणि कांडप विकलं तर खायचं काय?

तिची वकील धनश्री, वयानं तिच्या धाकट्या लेकीएवढी. साक्षीच्या दिवशी तिनं बजावलं, "मावशी, कागदावर महिना लिहिलेला नाही. तुम्ही आपण होऊन 'महिना' शब्द काढू नका."

"न्हाई काढत."

शेठचा वकील मुरलेला होता. कागदाचं नावही न काढता त्यानं विचारलं, "बाई, तुम्ही बचत गटात आहात?"

"हाय की! अध्यक्ष हाय मी."

"गटाचं व्याज किती?"

"दोन टक्के."

"वर्षाला?"

राहीबाईला हसूच आलं. "वर्साला कुठं असतंय सायेब? टक्का म्हंजे महिन्याचाच!"

धनश्रीनं डोळे मिटले. राहीबाईच्या लक्षात आलं, पण शब्द तोंडातून गेला होता. वकील खाली बसणार तोच ती म्हणाली, "पन गटाचं व्याज गटातच ऱ्हातं. दिवाळीला वाटून मिळतं. शेठच्या व्याजातलं मला काय परत मिळतंय?"

न्यायाधीशांनी चष्म्यावरून पाहिलं. "शेठनी तोंडी काय सांगितलं होतं?"

तिनं एकदा धनश्रीकडं पाहिलं. मग म्हणाली, "महिन्याचंच. खोटं कशाला बोलू?"

बाहेर आल्यावर धनश्री रागावली नाही. नुसती "चला, चहा घेऊ" म्हणाली. त्याचंच राहीबाईला जास्त लागलं.

महिन्याभरानं निकाल लागला. मुद्दल ऐंशी हजार मान्य. दावा लागेपर्यंतच्या दहा महिन्यांचं व्याज दोन टक्के दरमहा, कारण बाईंनीच ते कबूल केलेलं. दाव्याच्या तारखेपासून मात्र दसादशे नऊ टक्के. सगळी रक्कम चोवीस हप्त्यांत.

राहीबाईनं त्यातला 'नऊ' तेवढा ऐकला. ती व्हरांड्यात येऊन भिंतीला टेकून खालीच बसली.

"मावशी, अहो, झालं काय? आपल्या मनासारखं झालंय!"

"मनासारखं? दोनानं जीव चालला हुता, पोरी, आन् आता नऊ?"

धनश्रीला उलगडायला वेळ लागला. मग ती तिच्याशेजारी जमिनीवरच बसली. "मावशी, कोर्टाचा टक्का वर्षाचा असतो. दसादशे, म्हणजे दर सालाला, दर शेकड्याला. शंभराला वर्षाचे नऊ रुपये."

राहीबाई बोटांच्या पेरांवर मोजू लागली. "बारा महिने... नऊ रुपये... म्हंजे महिन्याला शेकडा बारा आने?"

"हो. आणि हप्ता चार हजार नऊशे."

"बारा आने!" ती पदरानं तोंड पुसत उठली. "मग असं मराठीत सांगाया काय हुतं त्या सायबाला?"

पायऱ्यांवर आसारामशेठ स्कूटरला चावी लावत होता. "बाई, कोर्टानं बुडवलं मला," तो कुरकुरला.

"बुडिवलं कुठं शेठ? एक तारखंला पैला हप्ता आनून देते. आन् कांडपाच्या मोटारीचा पट्टा झिजलाय, आज मिळंल का?"

शेठनं तिच्याकडं निरखून पाहिलं. "मिळंल. पण उधार नाही हां."

"रोखच घेते," राहीबाई म्हणाली आणि लुगड्याच्या कनवटीची गाठ सोडू लागली. "तुमचा टक्का लई म्हाग पडतोय."