मुलीबद्दल दिलेला जबाब

गुरुवारी चार वाजता एक बाई माझ्या मुलीची चौकशी करायला घरी येणार होत्या, आणि बुधवारपासूनच मी घर आवरत सुटले होते. मुलीला नौदलात इंजिनियर व्हायचं होतं. परीक्षा झाली, मेडिकल झालं, पळणं-पोहणं सगळं झालं. राहिली होती फक्त सुरक्षा तपासणी. ही मुलगी भरवशाची आहे, हिच्या हातात गुप्त कागद द्यायला हरकत नाही, असं सरकारने म्हटलं की संपलं. त्यासाठी ते तिच्या प्रोफेसरांना विचारणार, मैत्रिणींना विचारणार, आणि मला. तपासणी अडकली तर नोकरी गेली.

आणि ती अडकली तर बरं, असं मला वाटत होतं. हे आता लिहिते आहे. तेव्हा कुणी विचारलं असतं तर त्याच्या अंगावर धावून गेले असते.

पुणं सोडून आम्ही इथे आलो तेच मुळी हा देश कुणाच्या अध्यात ना मध्यात म्हणून. नकाशाच्या पार खालच्या कोपऱ्यात, आजूबाजूला नुसतं पाणी. इथलं अख्खं नौदल एका मंगल कार्यालयात जेवायला बसेल आणि दोन पंगतींत उठेल, अशी थट्टा मी नेहमी करायचे. शेजारच्या मोठ्या देशाशी लष्करी युती होती, नाही असं नाही, पण ती कपाटात ठेवलेल्या शालूसारखी. आहे हे माहीत असतं, नेसतं कोण? गेल्या काही वर्षांत मात्र तो शालू बाहेर निघाला. बातम्यांत रोज तेच. आपण एकटे पुरे पडणार नाही, मित्रांच्या खांद्याला खांदा लावून उभं राहायला हवं. मित्रांची भांडणं पण मग आपलीच, हे मात्र कुणी मोठ्याने बोलत नव्हतं. इथली माणसं आपला संबंध नसलेल्या लांबच्या समुद्रांत जायला लागली होती.

आणि नेमकं तेव्हाच आमच्या बाईसाहेबांना नौदल सुचलं. हॅमिल्टनच्या युनिव्हर्सिटीतून इंजिनियरिंग करून नुकती घरी आली होती. जेवताना वरणभात कालवत तिने सांगितलं, इंग्रजीतच. ती इथे जन्मलेली. मराठी सगळं समजतं, पण उत्तर इंग्रजीत.

"तुझं डोकं फिरलंय का?" मी म्हणाले. "उद्या ते मोठे देश कुठेतरी भांडणं उकरून काढतील आणि तू तिथे जाऊन उभी राहणार? कुणासाठी?"

"आई, इट्स माय कंट्री," ती म्हणाली. कुणीतरी जायलाच हवं, मग मी का नको, असंही म्हणाली. नवरा मान डोलावत होता. त्याच्या चेहऱ्यावर अभिमान मावत नव्हता.

"तू काय नंदीबैलासारखी मान हलवतोस?" मी त्याच्यावर घसरले. त्या दिवशी आमटी तशीच राहिली. दुसऱ्या दिवशी तिने मैत्रिणींबरोबर माझंही नाव त्या फॉर्मवर घातलं. म्हणाली, तू मला सगळ्यात जास्त ओळखतेस.

गुरुवारी मी पेनरोजच्या कारखान्यातून लवकर निघाले. तिथे आम्ही दुधाच्या, दह्याच्या डब्यांची झाकणं बनवतो आणि मी क्वालिटीत आहे. माल बघायचा, मोजून बघायचा, आणि चांगला असेल तरच सही करायची. इतक्या वर्षांत न बघता मी एकही सही केलेली नाही. हेन्डरसनला घरी येऊन मी सवयीने पोहे केले, आणि कढईत कांदा परतताना एकदम लक्षात आलं की मुलगी बघायला येणाऱ्यांसाठी करतात तेच मी करते आहे. माझं मलाच हसू आलं, आणि त्या हसण्याचा रागही आला.

बाई बरोबर चारला आल्या. नमस्काराचं इथलं "किया ओरा" म्हणाल्या, न सांगता दारात बूट काढले. पन्नाशीच्या, शांत, मांडीवर साधी वही. त्यांनी पोहे घेतले नाहीत, चहा घेतला. मग एकेक प्रश्न सुरू झाला. सोपे प्रश्न. मुलगी कशी आहे स्वभावाने?

आता आपल्याकडे आपल्या पोराचं कौतुक आपण करत नाही. कुणी म्हणालं, किती हुशार हो तुमची मुलगी, की आपण लगेच, कसली हुशार, नुसती धांदरट आहे. समोरच्याने म्हणायचं असतं, छे हो, काहीतरीच काय! आणि मग खरं कौतुक तो करतो. हा खेळ दोघांनी खेळायचा असतो. माझी आई हेच करायची, मावशा हेच करायच्या, कारखान्यातल्या मराठी मैत्रिणीशी मी रोज हेच करते. तर माझ्या तोंडून आपसूक निघायला लागलं. हट्टी आहे. कुणाचं म्हणून ऐकत नाही. राग तर कायम नाकाच्या शेंड्यावर.

"वरिष्ठांनी सांगितलेलं ऐकेल का?"

"माझंच ऐकत नाही, वरिष्ठांचं काय ऐकणार!" मी हसले.

बाई हसल्या नाहीत. त्यांनी लिहून घेतलं.

"एखादी गोष्ट मनात ठेवायला सांगितली तर ठेवेल?"

"छे! तिच्या पोटात काही म्हणजे काही राहत नाही."

पुन्हा पेन चाललं. तेव्हा कुठे माझ्या टाळक्यात प्रकाश पडला. ही बाई "छे हो" म्हणणार नव्हती. तिला तो खेळ ठाऊकच नव्हता. मी बोलले ते जसंच्या तसं सरकारच्या वहीत जात होतं.  अरे देवा, काय बोलून बसले मी?

शेवटी त्यांनी सगळं वाचून दाखवलं. आईच्या मते मुलगी सूचना पाळत नाही, चटकन चिडते, गोपनीय गोष्ट तिच्याजवळ राहत नाही. "हे बरोबर आहे ना? काही बदलायचंय?"

इथे थांबून एक सांगायला हवं. महामारीत सीमा बंद होत्या त्या काळात पुण्यात माझी आई आजारी पडली. मुलगी तेव्हा शाळेत होती, आजीशी रोज व्हिडिओवर बोलायची. आजीने तिला बजावलं, आईला सांगू नकोस, तिला येता तर यायचं नाही, उगाच तिथे बसून रडत बसेल. आणि त्या पोरीने सांगितलं नाही. तीन आठवडे. माझ्यासमोर बसून जेवली, माझ्या कुशीत शिरून टीव्ही बघितला, आणि तोंडातून चकार शब्द नाही. मला कळलं ते आई गेली तेव्हाच. मी तिला गदागदा हलवून ओरडले होते, "एवढं तुझ्या पोटात राहिलं तरी कसं?" त्या दिवशी ती एकदाच रडली. तो विषय आम्ही परत कधी काढला नाही.

तर बाई विचारत होत्या, बरोबर आहे ना? मला सगळं आठवलं, अगदी तिचं ते रडणंसुद्धा. आधी बोलले ते सवयीने बोलले. पण आता हातात वेळ होता, समोर शांत बाई होती, आणि एक शब्द पुरेसा होता.

"हो," मी म्हणाले. "बरोबर आहे."

त्या गेल्यावर मी पोहे एकटीने खाल्ले, गार झालेले.

संध्याकाळी मुलगी कोपऱ्यावरच्या डेअरीतून, म्हणजे इथल्या वाण्याकडून, आइस्क्रीम घेऊन आली. "कसं झालं? छान बोललीस ना?" मी म्हटलं, हो, छान बोलले. तिने मला मिठी मारली. नवऱ्याने तीन वाट्या भरल्या. मी माझी वाटी बाजूला सारली. दात दुखतोय म्हणाले आणि उठले.

मग वाट बघणं सुरू झालं. नवी तुकडी निघायला पाच आठवडे होते. त्याआधी उत्तर आलं नाही तर जागा दुसऱ्याला. तिच्याबरोबरच्या दोघींची तपासणी दोन आठवड्यांत पुरी झाली. हिचं काही नाही. ती सकाळी पळून यायची, घामाघूम, आणि दारातच फोन बघायची. मी ओट्यापाशी उभी राहून तिच्या चेहऱ्यावरून ओळखायचे, आजही नाही. मला आनंद व्हायला हवा होता ना? माझ्याच मनासारखं होत होतं. पण मला जेवण जाईना, झोप लागेना. नवरा म्हणाला, "तिचं टेन्शन तू कशाला घेतेस? होईल सगळं." मी त्याच्यावर उगाच खेकसले.

चौथ्या आठवड्यात तिला परत बोलावलं. ती गेली आणि दुपारी आली ती घरात न येता मागच्या पायरीवरच बसली. पायांत जँडल्स, इथल्या रबरी चपला, त्यांचा पट्टा ओढत. मी चहा घेऊन बाहेर गेले.

"त्यांनी एकच गोष्ट फिरवून फिरवून विचारली," ती म्हणाली. "मी कुठली गोष्ट मनात ठेवू शकते का. उदाहरण द्या म्हणाले. मला काही सुचेचना."

"अगं, काहीच नाही सांगितलंस?"

"आजीचं सांगणार होते." तिने पट्टा सोडला. "पण ते तुझं आहे ना. तुला न विचारता कसं सांगू?"

मी कप तिथेच ठेवला आणि आत आले. न्हाणीघरात नळ सोडून रडले. माझ्या खोटेपणाला उत्तर द्यायला तिच्याजवळ पुरावा होता, पक्का, आणि तो तिने माझ्यासाठी पोटातच ठेवला. लाज वाटली मला. इतकी लाज आयुष्यात वाटली नव्हती.

दुसऱ्या दिवशी जेवणाच्या सुट्टीत मी कारखान्याच्या पार्किंगमध्ये गाडीत बसले, काचा वर केल्या, आणि त्या बाईंना फोन लावला. नंबर पर्समध्येच होता, त्यांनी जाताना दिलेल्या कागदावर. दोनदा चुकीचा लागला.

मी सगळं सांगितलं. कौतुक न करण्याची सवय सांगितली. त्या ऐकत राहिल्या. मग आजीचं सांगितलं. 

"तेव्हा तुम्ही एक सांगितलंत, आता दुसरं सांगताय," त्या म्हणाल्या. "मी कुठलं खरं धरू? मी वाचून दाखवलं होतं. तुम्ही हो म्हणालात."

"म्हणाले."

"का?"

बाजूने फोर्कलिफ्ट गेला. तो जाईपर्यंत मी थांबले. तेवढ्यात एखादं चांगलंसं कारण सुचेल असं वाटलं होतं. सुचलं नाही.

"कारण मला तिला पाठवायचं नव्हतं," मी म्हणाले. "तुमच्या युतीसाठी माझी पोरगी कुठल्यातरी समुद्रात मरेल अशी मला भीती वाटते. अजूनही वाटते. पण म्हणून मी खोटं बोलले. पोरगी चांगली आहे हो. तिच्यात खोट नाही, खोट माझ्यात होती."

  त्या म्हणाल्या, "हे असंच लिहून द्याल?"

मी गाडीतच लिहिलं. क्वालिटीच्या पॅडवर, सुट्टी संपल्याची बेल वाजून गेली तरी. लिहिलं, परत वाचलं, आणि खाली सही केली. फोटो काढून पाठवला आणि कागद पर्सच्या आतल्या कप्प्यात ठेवला.

तिचं उत्तर तुकडी निघायच्या तीन दिवस आधी आलं. ती घरभर नाचली. नवरा पेढे आणायला धावला. मी तिची बॅग भरली, चिवड्याचा डबा दिला, तिने तो परत काढून ठेवला, मी परत घातला. डेव्हनपोर्टच्या नौदल तळावर सोडायला गेलो तेव्हा ती म्हणाली, "थँक्स आई. तू चांगलं बोललीस म्हणून झालं." मी तिची कॉलर नीट केली आणि म्हटलं, "जा आता, उशीर होईल."

त्याला आता दीड वर्ष झालं. गेल्या रविवारी सकाळी मी डोसे घालत असताना तिचा फोन आला. जहाजावरून, व्हिडिओ नाही, नुसता आवाज. बातम्यांत त्या आठवड्यात एका लांबच्या सामुद्रधुनीचं नाव सारखं येत होतं, तिथे मित्रदेशांची जहाजं जमत होती. मी न राहवून विचारलं, "कुठे आहेस गं?"

 ती चक्क मराठीत म्हणाली, "सांगता येत नाही, आई."

"बरं," मी म्हणाले. "नको सांगूस. जेवलीस का?"

जेवले म्हणाली. तुझा दात कसा आहे, तिने विचारलं. दीड वर्षापूर्वीचं ते खोटं दुखणं, मी विसरूनही गेले होते, तिच्या लक्षात होतं. माझ्या तोंडावर आलं होतं सगळं सांगून टाकावं. सही केलेला तो कागद अजून पर्समध्येच आहे.

"बरा आहे," मी म्हणाले, आणि तव्यावरचा डोसा उलटला.