मलैयप्पनच्या हातचा मार

माझा चुलतभाऊ हनुमंतराव याने आयुष्यात एकाही माणसावर हात उगारला नाही, आणि तरी आमच्या मेल वीधीत, या तमिळ गावातल्या पश्चिमेच्या रस्त्यावर, त्याच्या घराइतकी हाणामारी दुसऱ्या कुठल्याही घरात झाली नसेल. वीज मंडळातली नोकरी त्याने मान खाली घालून केली. साहेब ओरडला की हा ‘होय’ म्हणायचा, बायको ओरडली की ‘होय होय’ म्हणायचा. पण टीव्हीवर मलैयप्पन सुरू झाला की या गरीब गाईच्या अंगात यायचं. मांड्या ठोकायचा, उशीला गुद्दे घालायचा आणि तमिळमध्ये ओरडायचा, ‘अडी! अडी! विडादे!’ मार, मार, सोडू नकोस! मी समोरच्याच घरात राहते, हिंदीच्या शिकवण्या घेते. त्याच्या आरोळ्या सुरू झाल्या की माझी शिकवणी बंद.

मलैयप्पन हा लाकडाच्या लॉरीचा ड्रायव्हर. त्याचे चार सिनेमे निघाले आणि चारही भागांची गोष्ट एकच: कोणीतरी मलैयप्पनचं कोणीतरी मारतो, मग मलैयप्पन सगळ्यांना मारतो. साखळीने मारतो, पोती ओढायच्या आकड्याने मारतो, एकदा तर नांगराच्या फाळाने मारतो. दात उडतात, डोकी भिंतीवर आपटतात, भाताच्या राशी लाल होतात. मला हे सिनेमे कधीच आवडले नाहीत आणि मी ते त्याला तोंडावर सांगत आले.

हनुमंताने मात्र हे चार सिनेमे पुन्हापुन्हा विकत घेतले. आधी कॅसेटी, मग व्हीसीडी, मग डीव्हीडी. नवीन काही निघालं की जुनं भोगीच्या दिवशी दारातल्या जाळात. पोंगलच्या आदल्या पहाटे घरातलं जुनं जाळायचं आणि मग नवं वापरायचं, ही या गावची रीत, आणि आमची घरंही ती पाळतात. लोक जुन्या चटया आणि मोडके झाडू जाळतात. आमचा हनुमंता मलैयप्पन जाळायचा, आणि प्लॅस्टिकच्या घाणेरड्या धुराने सगळी वीधी खोकायची.

एवढा खटाटोप कशासाठी, हे घरातल्यांनाच ठाऊक होतं. त्याचा थोरला भाऊ सुंदर.

सुंदर आणि मी एका वयाचे. त्याचे वडील, माझे काका, अप्पाजी, सरकारी शाळेत मुख्याध्यापक होते, आणि त्यांच्या हातात वेत असायचा तो शाळेतून घरीही यायचा. सुंदर अभ्यासात ढ होता. तालमीत जायचा, पुलावरून नदीत उड्या मारायचा. अप्पाजी त्याला न्हाणीत कोंडून मारायचे. वेत मोडला की पट्ट्याने, पट्टा हाती लागला नाही तर विहिरीच्या दोराने. त्याच्या ओरडण्याचा आवाज मी उंबऱ्यावर बसून ऐकलाय. धाकटा हनुमंता दाराच्या फटीला डोळा लावून उभा असायचा आणि तिथेच चड्डी ओली करायचा. अप्पाजींना अडवायची छाती कुणाचीच नव्हती, काकूचीही नव्हती. त्या माणसाचा मला आजही राग येतो, आणि मेलेल्या माणसाबद्दल असं बोलू नये हे मला कुणी शिकवायला येऊ नये.

एक दिवस सुंदर चेन्नईला पळाला आणि सिनेमात फायटर झाला. मराठी घरातला मुलगा सिनेमात मार खातो, म्हणून अप्पाजींनी त्या वर्षीच्या भोगीला त्याचे सगळे फोटो जाळात टाकले. मुंजीचा, शाळेचा, आईच्या मांडीवरचा, सगळे. काकू रडली तेव्हा तिलाही एक थोबाडीत बसली.

त्यानंतर सुंदर हनुमंताला एकदाच भेटला, तिरुवैयारुला, कावेरीच्या घाटावर, वडिलांना चोरून. अंगात सिल्कचा शर्ट होता. म्हणाला, ‘मार खायाला गेलों नाहीं रे मी, मार द्यायाला गेलों. मलैयप्पनचं अस्कं, सगळं फाइट मीच करतों. तिसऱ्या भागांत गिरणींत तो कांच फोडून येतो नव्हे? तो मी. वळून पाहातों बघ, तेव्हां माझं तोंड दिसतं.’ पुढे चौथ्या भागाच्या शूटिंगमध्ये तो लॉरीच्या टपावरून पडून मेला. निरोप पोहोचला तोवर तिकडच्या तिकडे त्याला अग्नी देऊन झाला होता. अप्पाजी जेवत होते. त्यांनी बातमी ऐकली आणि ताक वाढायला सांगितलं.

म्हणजे भावाचं तोंड म्हणून हनुमंताकडे उरलं ते एवढंच: तिसऱ्या भागातलं काच फोडणं. कॅसेटवर तिथे नुसता पांढरा फराटा दिसायचा. डीव्हीडीवर नाक आणि मिशी असावी असं वाटायचं. हनुमंता तिथे चित्र थांबवायचा, चष्मा वर करून पडद्याला नाक लावायचा आणि म्हणायचा, ‘अक्का, हें पाहा, अण्णाच.’ मी ‘हो’ म्हणायचे. त्याला एकदा तरी भावाचं तोंड नीट बघायचं होतं. बाकी त्याला काही नको होतं.

या वर्षी कुणा कंपनीने मूळ फिल्म धुऊनपुसून मलैयप्पनच्या फोर-के डिस्क काढल्या. बंगळूरच्या हरिप्रसादने, म्हणजे हनुमंताच्या मुलाने, भिंतीएवढा टीव्ही आणि डिस्कचा प्लेअर पाठवला. भोगीच्या पहाटे हनुमंताने डीव्हीड्या जाळात टाकल्या. मी दारातूनच ओरडले, ‘अरे, नवं आधी लावून तरी बघ!’

‘जुनं जळल्याविना नवं लावूं नये, अक्का,’ तो म्हणाला. इतका खूश मी त्याला त्याच्या लग्नातही पाहिला नव्हता.

दुपारी पुरणाच्या पोळ्या खाऊन आम्ही तिघं बसलो. तो, त्याची बायको महालक्ष्मी आणि मी. त्याने थेट तिसरा भाग लावला, थेट गिरणी. काय सांगू, कोंड्याचा कण न् कण दिसत होता. हिरोच्या टोपाची शिवण दिसत होती. मलैयप्पनने गिरणीबाहेर एकाचं डोकं जात्यावर आपटलं तेव्हा महालक्ष्मीने डोळे मिटले. हनुमंता ओरडला, ‘अडी!’ मग खळ्ळकन काच फुटली, मलैयप्पनच्या शर्टातला माणूस आत पडला आणि वळला. हनुमंताने चित्र थांबवलं.

तोंड स्वच्छ दिसत होतं. बसकं नाक, गालावर देवीचे व्रण. तो आमचा सुंदर नव्हता. जन्मात कधी न पाहिलेला कुणीतरी माणूस होता.

हनुमंताने मागे नेलं, पुन्हा आणलं. पुन्हा तोच माणूस. ‘हा कोण?’ त्याने मला विचारलं, जणू मीच तो तिथे बसवला होता. मग तो उठला आणि त्याने रिमोट भिंतीवर फेकून मारला. ‘लबाड! तोंडावर लबाडी केलास मजसंगें!’ मेलेल्या भावाला त्याने अशा शिव्या दिल्या की महालक्ष्मी देवघराचं दार लावायला धावली. भिंतीवर त्याने मुठी मारल्या, एक, दोन, मारतच राहिला. बोटांची सालटी निघाली, चुन्यावर रक्ताचे ठसे उठले. मी त्याचा दंड धरला तर मलाही ढकललं. इतकी वर्षं उशीला बसलेले गुद्दे खरे होते हे मला तेव्हा कळलं.

रिमोट आपटला तसा सिनेमा पुन्हा सुरू झाला होता. मलैयप्पन लोखंडी सळई घेऊन कोपऱ्याकडे चालला होता. त्या कोपऱ्यात हिरव्या बनियनचा एक गुंड असतो, त्याला मलैयप्पन सगळ्यात जास्त मारतो. डीव्हीडीवर तो कोपरा डांबरासारखा काळा होता, नुसतं हिरवं काहीतरी हलायचं. आता तिथे उजेड होता. सळई वर गेली आणि त्या माणसाने दोन्ही हात डोक्यावर आडवे धरले, कोपरं बाहेर, मान उजव्या खांद्यात. न्हाणीतून ओढून बाहेर काढल्यावरही सुंदर अंगणात किती वेळ तसाच बसून राहायचा, ते मला एकदम आठवलं.

‘हनुमंता,’ मी म्हटलं, ‘गप हो. इकडे बघ.’

सळई हातांवर बसली. मग तोंडावर. ओठ फाटला. तो रंग नव्हता, रंग असा दातांवरून हळूहळू उतरत नाही. हात खाली आले आणि तोंड दिसलं. सुंदर. काकूचे डोळे, अप्पाजींचं नाक. तो खाली पडला आणि त्याने पडद्याबाहेर कुणाकडे तरी पाहिलं, ‘पुरे का?’ असं विचारल्यासारखं. तिकडून ‘पुरे’ आलं नसावं. तो उठला, तोंड पुसलं आणि पुन्हा मार खायला पुढे गेला.

हनुमंताच्या बोटांतून रक्त गळत होतं. मग त्याने आपल्या हाताने पहिला भाग लावला, मग दुसरा. सुंदर दोन्हींत होता. एकात त्याला आकड्याने पोटात भोसकलं होतं, दुसऱ्यात विहिरीत फेकलं होतं. आता कुठे बघायचं ते कळलं होतं, म्हणून लगेच दिसत होता. सगळीकडे मार खाणाराच. मलैयप्पन तो कुठेच नव्हता.

‘अक्का,’ हनुमंता शेवटी म्हणाला, ‘मी अडी म्हटलों. प्रत्येक वेळीं. ह्याच हिरव्यावर सर्वांहून मोठ्यानं ओरडलों.’ आणि तो रडायला लागला. तोंड उघडं टाकून, लहान मुलासारखा. मीही रडले. सुंदर आमच्याशी खोटं बोलला ते लाजेने बोलला, आणि त्याला लाज वाटावी अशी करणी त्याची नव्हतीच.

पोंगलनंतरच्या थै अमावास्येला तिरुवैयारुला जाऊन पितरांना पाणी सोडायचं होतं. त्याआधी हनुमंताने ते चित्र थांबवून मोबाइलवर फोटो काढला आणि स्टुडिओत नेला. मी बरोबर होते. स्टुडिओवाला म्हणाला, ‘सार, रक्त काढून टाकतो. हा सळईवाला पण काढतो.’

‘सळईवाला काढ,’ हनुमंता म्हणाला. ‘रक्त असूं दे.’

फोटो चौकटीत बसून घरी आला. मलैयप्पन नव्हता, सळई नव्हती. नुसता हिरव्या बनियनमधला सुंदर, फाटलेला ओठ, आणि डोक्यावर आडवे धरलेले हात. महालक्ष्मीने रीतीप्रमाणे तो गेलेल्या माणसांच्या रांगेत लावला, अप्पाजींच्या शेजारी. अप्पाजी कोट घालून, काठीवर हात ठेवून, डोळे वटारून उभे. आणि त्यांच्या बाजूला हा, मान खांद्यात घालून.

अमावास्येच्या सकाळी हनुमंता हार घेऊन आला आणि ते बघून थबकला. मलाही बघवेना. मग तो स्टुलावर चढला आणि त्याने अप्पाजींचा फोटो खिळ्यावरून काढला.

‘अय्यो, अमावास्येच्या दिवशीं!’ महालक्ष्मी ओरडली. ‘थोरल्यांना खालीं काढतां होय? पुन्हां कधीं लावणार?’

‘अण्णाला आधीं हात खालीं घेऊं दे,’ हनुमंता म्हणाला. ‘मग लावूं.’