घटकेची वाटी

तुमच्या पुस्तकातल्या जादूच्या दगडाची गोष्ट तुम्ही फोनवर सांगितलीत. त्याला हात लावला की काळ थांबतो म्हणे. तशी एक वस्तू आमच्या घरीही होती. ती आता माझ्या कपाटात आहे. तिची हकिगत लिहूनच पाठवते, कारण फोनवर तुम्ही मध्येच प्रश्न विचारता आणि माझा क्रम चुकतो.

ती एक तांब्याची वाटी आहे. तिच्या बुडाला बारीक भोक आहे. पाण्याने भरलेल्या घंगाळात ती तरंगत ठेवली की भोकातून पाणी आत येत राहतं, आणि वाटी भरून बुडाली की एक घटका झाली. लग्नाच्या दिवशी सूर्योदयापासून अशा घटका मोजायच्या. ठरलेली घटका बुडाली की तोच मुहूर्त. ही वाटी म्हसवडच्या सिद्धनाथाने आमच्या पूर्वजाला दिली आणि ती वेळ वाकवते, असं घरात मानत. एकदा नीरेला पूर आला होता आणि नवरा पलीकडे अडकला होता. तो पोहून येईपर्यंत वाटी बुडाली नाही आणि सूर्य चिंचेच्या शेंड्यावर थांबला. आजी म्हणायची, "येणाऱ्या नवऱ्याला वाटी वळखती. न येणाऱ्यासाठी ती थांबत न्हाई."

माझ्या धाकट्या आत्याचं लग्न झालं तेव्हा लढाई चालू होती आणि मी लहान होते. सरकारने सगळी घड्याळं तासभर पुढे करायला लावली होती. आगगाडी त्या नव्या टायमावर धावे आणि आमचं गाव जुन्यावर चाले. नवरा फौजेत होता. रजा थोडी, म्हणून तो पलटणीतून थेट लोणंदला उतरणार होता. त्याचं वऱ्हाड आदल्या दिवशीच गावात आलं होतं. त्याने तारेने गाडीची वेळ कळवली होती, आणि आजोबांनी ती जुन्या टायमाने धरली. आमचा छकडा स्टेशनवर तासभर उशिरा पोचला. फलाट रिकामा होता. छकडा घेऊन गेलेले माझे चुलते वाट बघून तसेच परत आले.

छकडा रिकामा आलेला बघून मांडवात कुजबुज सुरू झाली. नवऱ्याचे काका उठले.

"आवं पाव्हणं, पोरगा रजा न मिळाल्यानं आडकला आसंल. मुहूर्त टळला तर पोरीला कोण करून घील? आमच्यातला थोरला हाय की हितं. घर भरल्यालं हाय, पोरं हायती."

थोरला म्हणजे नवऱ्याचा चुलतभाऊ. बिजवर, केस पिकायला लागलेले, मुलं आत्यापेक्षा फार लहान नव्हती. आजोबा मान खाली घालून बसले होते. मांडवातून तशीच उठलेली मुलगी घरातच राहते, हे त्यांना कुणी सांगायची गरज नव्हती. शेवटी ते म्हणाले, "घटका भरू द्या. तवर आला तर आला."

शेवटची घटका चालू होती. घंगाळापाशी बसायचा मान घरच्या थोरल्या सुनेचा, म्हणजे माझ्या आईचा. मी तिच्या पाठीशी बसले होते. वाटीतलं पाणी काठाकडे चढत होतं. मग ते चढायचं थांबलं. पाणी आहे तिथेच राहिलं. आईचा हात पदराखाली, पाण्यात होता.

बऱ्याच वेळाने काकांनी खिशातलं घड्याळ काढलं. "घटका कवाच भरली आसंल!"

"तुमचं घड्याळ सरकारी टायमाचं," आजी आतून ओरडली. "आमची वाटी सूर्याची हाय. तिला लाटसाहेब ठावं न्हाई!"

लोक हसले. मग पोरासोरांनी घंगाळ गाठलं, आणि वाटी थांबली, वाटी थांबली असा एकच गलका झाला. गुरुजींनी नमस्कार केला. काका खाली बसले.

नवरा कालव्याच्या बाजूने आला, ट्रंक खांद्यावर, बूट चिखलाने भरलेले. स्टेशनवर कुणी न दिसल्याने तो शेतातून चालत निघाला होता आणि वाट चुकला होता. त्याला बघून आईने पाण्यात बोट घातलं. वाटी बुडाली. "घटका भरली!" आई ओरडली, आणि तिचा आवाज फाटला.

नवरीला आणायला ती आत गेली तेव्हा मी मागे होते. आत्याने तिच्याकडे बघितलं. आईच्या कपाळावर मेण उरलं नव्हतं आणि कुंकू नाकावर सांडलं होतं. तेव्हा कपाळाला आधी मेण लावून त्यावर कुंकू लावत. आत्याने आपल्या करंड्यातलं मेण घेतलं, आईच्या कपाळाला लावलं, वर कुंकू टेकवलं, आणि मग बाहेर गेली.

रजा संपल्यावर नवरा गेला. परत आला नाही. कुठल्या रणात पडला, ते आम्हाला कधी नीट कळलं नाही. आत्या पांढऱ्या कपाळाने आमच्याकडेच राहिली. तो बिजवर मात्र म्हातारा होऊन सुनांशी भांडत होता, असं गावातून कळे. त्याची बातमी आली की आई स्वयंपाकघरातून बाहेर येत नसे.

पुढे वडिलांच्या नोकरीमुळे आम्ही सांगलीत आलो. मी कॉलेजात जाऊ लागले होते. एका दुपारी आई वाटी चिंचेने घासत होती. भोकाच्या कडेला तिला काळं, खड्यासारखं मेण लागलं. ते फार जुनं होतं, तिचं नव्हतं. नीरेच्या पुराच्या वेळचं असेल, नाहीतर आणखी कुणाचं. ते नखावर घेऊन ती आत्यासमोर बसली.

"वन्सं, त्या दिवशी वाटी मी थांबवली. बुडू दिली असती, तर आज तुमच्या कपाळाला कुंकू असतं."

आत्या तांदूळ निवडत होती. तिने ताट हलवायचं थांबवलं नाही.

"वैनी, तुमचं कपाळ नीट कुणी केलं हुतं?"

आईचा हात कपाळाकडे गेला.

"मला तोंड हुतं की. मांडवात ओरडले आसते तर?" आत्या म्हणाली. "ओरडायचं न्हवतं मला."

आईला यामुळे बरं वाटलं का, मला सांगता येत नाही. त्यानंतरही आत्या समोर असली की आई कपाळावर पदर ओढून घेई. पण त्या दुपारी तिने वाटी धुतली, उन्हात पालथी घातली, आणि पुन्हा कधी घरच्या कुठल्याही लग्नात घंगाळापाशी बसली नाही.